बाळाच्या रडण्याची नोंद

(नवजात शिशू विभागाच्या वर्धापनदिनी रुग्णालयाच्या प्रशासकांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



दरवर्षी या प्रसंगी मी आपणांसमोर जमाखर्चाचे आकडे घेऊन उभा राहतो. ते आकडे अहवालात छापलेले आहेतच, त्यामुळे आज अध्यक्षांच्या अनुमतीने थोडा निराळा विषय मांडणार आहे. काही महिन्यांपूर्वी एका वृद्ध दांपत्याने आपल्या नातवाच्या वाढदिवसानिमित्त नवजात अतिदक्षता विभागास एक यंत्रणा भेट देण्याची इच्छा व्यक्त केली. त्यांचा हा नातू अपुऱ्या दिवसांचा जन्मला होता आणि आपल्याच विभागात लहानाचा मोठा झाला. बाळाचे रडणे ऐकून ते भुकेचे आहे, झोपेचे आहे की दुखण्याचे, हे सांगणारी ही यंत्रणा असल्याचे सोबतच्या रंगीत माहितीपत्रकात म्हटले होते. पत्रात आजोबांनी लिहिले होते, “त्या रात्री बाळ का रडते आहे हे आम्हांला कोणी सांगितले असते, तर फार उपकार झाले असते.” अध्यक्षांनी ते पत्र माझ्याकडे पाठविले आणि अभ्यास करून टिपण सादर करण्यास सांगितले.

मी वाणिज्य शाखेचा पदवीधर. यंत्र घेताना तीन दरपत्रके मागवावीत आणि देखभालीच्या कराराची बारीक अक्षरे आधी वाचावीत, एवढेच माझे शास्त्र. तथापि आमच्या बालरोगतज्ज्ञांनी मला बरेच शोधनिबंध वाचावयास लावले आणि जे कळले नाही ते न कंटाळता समजावून सांगितले. त्यातून जे हाती आले ते आज आपणांपुढे ठेवीत आहे.

प्रसूतिगृहाच्या दाराबाहेर ताटकळत असलेल्या माणसांचे कान एकाच आवाजाकडे लागलेले असतात. बाळ रडले का? वैद्यकशास्त्रानेही या प्रश्नाला मान दिला आहे. व्हर्जिनिया ॲपगार या अमेरिकन भूलतज्ज्ञ बाईंनी १९५२ साली नवजात बालकाचे मूल्यमापन करण्याची पाच कसोट्यांची पद्धत बसविली. प्रत्येक कसोटीला जास्तीत जास्त दोन गुण, म्हणजे एकूण दहा. जगभरच्या प्रसूतिगृहांत ती आजही वापरली जाते. तीत बाळाला डिवचल्यावर ते जोराने रडले, तर त्या कसोटीचे पूर्ण दोन गुण मिळतात. आयुष्यातील पहिल्या परीक्षेत रडण्याला गुण आहेत, हे पुढे शाळेत कोणी सांगत नाही, एवढेच!

रडण्यामागील शरीरव्यापार मोठा नाजूक आहे. फुफ्फुसांतून वर येणाऱ्या हवेने स्वरतंतू कंप पावतात. प्रौढ पुरुषाच्या बोलण्यात ही कंपने सेकंदाला शंभर-सव्वाशेच्या आसपास असतात, तर नवजात बालकाच्या रडण्यात ती साधारण चारशे ते पाचशे असतात. स्वरतंतू किती ताणावयाचे आणि श्वास किती सोडावयाचा हे मेंदूच्या तळाशी असलेली केंद्रे व तेथून निघणाऱ्या नसा ठरवितात. म्हणूनच जन्मतः प्राणवायू कमी पडला, जंतुसंसर्ग झाला किंवा मज्जासंस्थेत काही बिघाड असला, तर आवाज बदलू शकतो. १९६३ साली जेरोम लेज्यून या फ्रेंच डॉक्टरांनी मांजराच्या ओरडण्यासारखे रडणाऱ्या बालकांचे वर्णन केले आणि त्यांच्या पाचव्या गुणसूत्राचा तुकडा गळालेला असतो हे दाखवून दिले. त्याच दशकात फिनलंड व स्वीडनमधील डॉक्टरांनी बालकांची रडणी ध्वनिमुद्रित केली, त्या आवाजांची चित्रे काढली आणि १९६८ मध्ये ते संशोधन ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले. म्हणजे कल्पना जुनी आहे. आज तिला संगणकाची जोड मिळाली.

ही जोड म्हणजे डीप लर्निंग. आमच्या एका विश्वस्तांनी त्याचे भाषांतर ‘गहन अध्ययन’ असे केले आणि सभेत सर्वांनाच आपापले कॉलेजचे दिवस आठवले. प्रत्यक्षात पद्धत अशी आहे. आवाजाचे प्रथम चित्र तयार करतात. आडव्या रेषेवर काळ, उभ्या रेषेवर स्वराची उंची, आणि जेथे आवाजाचा जोर अधिक तेथे रंग गडद. अशी हजारो चित्रे यंत्राला दाखवितात व प्रत्येक चित्राखाली उत्तर लिहिलेले असते. भुकेचे रडणे कसे ओळखावे, याचा नियम यंत्राला कोणी सांगत नाही. ते अंदाज करते, अंदाज चुकला की आतल्या लक्षावधी आकड्यांत किंचित फेरफार करते आणि पुन्हा अंदाज करते. पुष्कळ आवर्तनांनंतर त्याच्या चुका कमी होतात.

माझ्या परीने मी हे असे समजून घेतले. आमच्या लेखा विभागात नवा कारकून आला की आम्ही त्याला लेखाशास्त्राचे पुस्तक देत नाही, जुन्या व्हाउचरांचे गठ्ठे देतो. कोणता खर्च कोणत्या खाती टाकला हे पाहून पाहून तो शिकतो. परंतु जुनी व्हाउचरेच चुकीच्या खाती पडलेली असतील, तर तो चूकसुद्धा तितक्याच निष्ठेने शिकतो, आणि पुढे ती चूक सुवाच्य अक्षरात होते.

तेव्हा माझा पहिला प्रश्न असा होता की, रडण्याच्या चित्रांखाली उत्तरे लिहिली कोणी? पालकांनी मोबाइलवर मुद्रित करून दिलेल्या रडण्यांचा ‘डोनेट-अ-क्राय’ नावाचा एक मुक्त संग्रह आहे व त्यावर अनेकांनी आपली यंत्रे शिकविली आहेत. त्याच्या प्रचलित आवृत्तीत ४५७ तुकडे आहेत. पैकी ३८२ ‘भूक’ या खाती, पोटदुखीचे १६ आणि ढेकर अडकल्याचे अवघे ८. आता एखाद्या यंत्राने काहीही न ऐकता प्रत्येक वेळी ‘भूक’ एवढेच उत्तर दिले, तरी शंभरांत सुमारे चौऱ्याऐंशी वेळा ते बरोबर ठरेल. एवढे गुण तर आमच्या प्रत्येक आजीबाई डोळे मिटून मिळवतील. शिवाय ती ‘भूक’ म्हणजे पालकांचा अंदाज. बाळाला पाजले, ते शांत झाले, म्हणून भूक. कदाचित त्याला केवळ आईची कूस हवी असेल.

याहून काटेकोर अभ्यास फ्रान्समधील सेंट-एतिएन येथील संशोधकांनी २०२३ मध्ये प्रसिद्ध केला. त्यांनी २४ बालकांच्या घरी, पंधरा दिवसांच्या वयापासून साडेतीन महिन्यांपर्यंत, सुमारे ३,६०० तासांचे ध्वनिमुद्रण केले. त्यात ३९,२०१ रडणी मिळाली. निष्कर्ष असा की, रडण्याचे कारण ना यंत्राला भरवशाने सांगता आले, ना ऐकणाऱ्या माणसांना. मात्र हे रडणे कोणत्या बाळाचे, हे आवाजावरून ओळखता आले, आणि वयाच्या खुणाही त्यात सापडल्या. रडणे कोणाचे ते कळते, कशासाठी ते कळत नाही! माहितीपत्रकात नेमके याच्या उलट आश्वासन होते.

याचा अर्थ रडण्यात काहीच माहिती नसते, असा नव्हे. त्याच संशोधकांच्या २०२२ च्या अभ्यासात, तान्ह्या बाळांचा सहवास असलेल्या माणसांना, विशेषतः ओळखीच्या बाळाच्या बाबतीत, लस टोचल्याचे रडणे आणि अंघोळीच्या वेळची कुरकुर यांतील फरक ओळखता आला. ज्यांना अनुभव नव्हता त्यांना तो आला नाही. यंत्राला योग्य प्रश्न विचारला, तर तेही उपयोगी पडण्याची चिन्हे आहेत. नायजेरियाचे चार्ल्स ओनू यांनी जन्मतः श्वास कोंडलेल्या बालकांच्या रडण्यावर काम सुरू केले व त्या उपक्रमाला ‘उबेन्वा’ हे नाव दिले. इग्बो भाषेत त्याचा अर्थच बाळाचे रडणे. मेक्सिकोत जमविलेल्या रडण्याच्या नमुन्यांवर त्यांनी व त्यांच्या कॅनडातील सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये जे यंत्र तपासले, ते आधी प्रौढांच्या बोलण्यावर शिकविलेले होते. बाळ का रडते, हे त्या यंत्राला विचारलेले नव्हते. आवाजावर मज्जासंस्थेचा ताबा शाबूत आहे का, एवढेच विचारले होते. हा प्रश्न मला अधिक प्रामाणिक वाटला.

झोपेबाबत थोडक्यातच सांगतो. नवजात बालक दिवसाचे साधारण चौदा ते सतरा तास झोपते आणि त्यातील जवळजवळ निम्मी झोप चळवळी असते. पापण्या हलतात, ओठ मुरडतात, आणि घरची माणसे म्हणतात की सटवाई हसवते आहे. अपुऱ्या दिवसांच्या बालकांची शांत झोप मेंदूच्या विद्युत आलेखावरून ओळखण्यास बेल्जियममधील लूवेन येथील संशोधकांनी डीप लर्निंगचा उपयोग केला व २०१८ मध्ये ते काम प्रसिद्ध झाले. शांत झोप केव्हा लागली हे कळले, तर रक्त घेण्यासारखी कामे थोडी पुढेमागे करता येतील, हा त्याचा व्यवहारातील लाभ. परंतु अमेरिकन बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीने १९९७ सालीच नवजात अतिदक्षता विभागातील आवाज ४५ डेसिबलपेक्षा अधिक असणे चिंताजनक मानले आहे, आणि प्रत्येक नवे यंत्र आपली एक नवी घंटा घेऊन येते, हेही मला टिपणात लिहावे लागले.

आता मला ज्या अभ्यासाने सर्वांत अधिक विचारात पाडले त्याकडे येतो. तो रडण्याचा नसून हालचालींचा आहे. हाइन्झ प्रेख्टल या शास्त्रज्ञांनी दाखवून दिले की, साधारण तीन ते पाच महिन्यांच्या वयात निरोगी बाळ उताणे पडलेले असताना त्याच्या सर्वांगात बारीक, सतत अशी चुळबुळ चालू असते. ती नसेल, तर पुढे सेरेब्रल पाल्सी म्हणजे मेंदूच्या इजेमुळे येणारे हालचालींचे अपंगत्व संभवते. ही चुळबुळ ओळखणारे प्रशिक्षित डोळे सर्वत्र उपलब्ध नाहीत. म्हणून संशोधकांनी बाळाच्या काही मिनिटांच्या चित्रफितीवरून निदान सुचविणारे यंत्र तयार केले. भारतासह पाच देशांतील तेरा रुग्णालयांतील, जोखीम असलेली ५५७ बालके त्यात होती आणि अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. यंत्राने पूर्वी न पाहिलेली १३९ बालके परीक्षेसाठी राखून ठेवली होती.

त्याचा ताळेबंद असा. १३९ पैकी २१ बालकांना पुढे सेरेब्रल पाल्सी असल्याचे निश्चित झाले. यंत्राने त्यांतील १५ ओळखली, ६ सुटली. उरलेल्या ११८ निरोगी बालकांपैकी १११ यंत्राने बरोबर निरोगी ठरविली आणि ७ बालकांच्या नावापुढे विनाकारण खूण केली. शास्त्रज्ञांच्या दृष्टीने हा उत्तम निकाल आहे, आणि मलाही तो उत्तमच वाटतो. पण हिशेबनीसाची सवय मोडत नाही. यंत्राने खूण केलेल्या एकूण २२ घरांपैकी ७ घरे काही महिने विनाकारण रडतील, आणि सुटलेल्या ६ घरांना ‘सर्व ठीक आहे’ असे सांगितले जाईल. या तेरा घरांशी बोलणार कोण? त्यांना पुन्हा बोलावणार कोण, आणि एसटीचे भाडे नाही म्हणून जी आई येणार नाही तिच्यापर्यंत जाणार कोण? कोणत्याही दरपत्रकात या कामाची रक्कम धरलेली नव्हती.

येथे मला आपल्याच रुग्णालयातील एक गोष्ट सांगितली पाहिजे. सांगताना संकोच होतो, पण ती टाळून आजचा विषय पूर्ण होणार नाही. निर्धन रुग्ण निधीतून बिल माफ करण्याच्या अर्जावर सही करण्यापूर्वी मी संबंधित केसपेपर वाचतो. अशाच एका बाळाचे कागद माझ्यासमोर आले. अतिदक्षतेतून बाहेर आणून आईजवळ ठेवलेले बाळ एका पहाटे अचानक गंभीर झाले होते व त्याला पुन्हा आत न्यावे लागले होते. निदान रक्तातील जंतुसंसर्गाचे. त्यानंतरचे दिवस फार कठीण गेले, परंतु बाळ वाचले. सहीच्या वेळी मी आईला सहज विचारले, तुम्हांला आधी काही जाणवले नव्हते का? ती म्हणाली, “साहेब, संध्याकाळीच म्हटलं होतं की मी. कालच्यासारखा रडत न्हाई, आवाज बसल्यावानी झालाय. त्या बाई चांगल्या होत्या, त्यांनी बघितलं, ताप न्हाई म्हणाल्या.”

त्या परिचारिका भगिनींनी ताप पाहिला, नाडी पाहिली आणि नोंदही केली. आईचे वाक्य मात्र कागदावर कोठेच नव्हते, त्यामुळे रात्रपाळीला ते कळले नाही. मी नमुना पाहिला. त्यात आईच्या म्हणण्यासाठी रकानाच नव्हता. जुन्या नमुन्यात ‘पालकांचे निरीक्षण’ असा एक रकाना होता. दोन पानी नमुना एका पानात बसवून छपाईचा खर्च वाचविण्यासाठी तो काढून टाकला गेला होता, आणि त्या बदलाच्या टिपणावर सही माझी होती. किती रुपये वाचले तेही त्याच टिपणात आहे. मी ते येथे वाचून दाखवीत नाही.

ही गोष्ट मी आमच्या बालरोगतज्ज्ञांना सांगितली, तेव्हा त्यांनी मला गडचिरोलीचे काम वाचावयास दिले. डॉ. अभय बंग व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने ३९ गावांतील स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून शिकवून घरच्या घरी नवजात बालकांची काळजी घेण्याची पद्धत सिद्ध केली. तेथील नवजात मृत्युदर सुमारे ६२ टक्क्यांनी घटल्याचे १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. त्यांच्या पुढील अभ्यासात जंतुसंसर्ग ओळखण्याची सात साधी लक्षणे दिली आहेत आणि त्यांपैकी कोणतीही दोन असली तर धोका मानावा असे सांगितले आहे. अंगावर ओढणे कमी होणे किंवा थांबणे, हातपाय लुळे पडणे, आईला बाळ गार लागणे, अशी ती लक्षणे. त्यांतच एक आहे, रडणे क्षीण होणे किंवा थांबणे. आधी नीट रडणारे बाळ आता तसे रडत नाही, ही तुलना त्यात महत्त्वाची. आमच्या भाषेत, आरंभीची शिल्लक माहीत असल्याशिवाय आजची तूट कळत नाही. ती शिल्लक त्या आईजवळ होती. चोवीस तास बाळाजवळ तीच तर होती.

सेंट-एतिएनच्या यंत्राला जे जमले, म्हणजे हे रडणे या बाळाचे आहे हे ओळखणे, त्याचा पुढेमागे याच कामी उपयोग होईल, असे आमच्या डॉक्टरांना वाटते. बाळाचा स्वतःचा कालचा आवाज स्मरणात ठेवून आजचा बदल दाखविणारे यंत्र आले आणि आपल्याकडील बालकांवर तपासले गेले, तर मी स्वतः त्यासाठी देणगी मागावयास दारोदार जाईन. ‘आपल्याकडील’ हा शब्द मी जाणून वापरतो. जर्मनीच्या काथलीन वेर्म्के व सहकाऱ्यांनी २००९ मध्ये तीन ते पाच दिवसांच्या तीस फ्रेंच व तीस जर्मन बालकांची रडणी तपासली, तेव्हा फ्रेंच बाळांचा सूर चढता तर जर्मन बाळांचा उतरता आढळला. पोटात असतानाच मूल आईच्या बोलण्याची चाल ऐकत असते. परदेशी बालकांवर शिकलेले यंत्र येथे तसेच्या तसे चालेल, हे आधीच गृहीत कसे धरावे?

आणखी एक व्यवहाराचा मुद्दा. असे यंत्र रात्रंदिवस ऐकत राहणार, आणि वॉर्डात केवळ बाळे रडत नाहीत. तेथे आया एकमेकींना सासरचे सांगतात, क्वचित त्याही रडतात. २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळता येईल अशी संमती आवश्यक केली आहे. ते मुद्रण कोठे साठवले जाईल, याचे उत्तर पुरवठादाराच्या प्रतिनिधीने मला दिले नाही.

उपस्थित पालकांसाठी दोन गोष्टी सांगून मग प्रस्तावाकडे वळतो. पहिल्या सहा आठवड्यांत बाळ दिवसाकाठी एकूण दोन तासांच्या आसपास रडते आणि दहा-बारा आठवड्यांपर्यंत ते तासाभराच्या जवळ येते, असे अनेक देशांतील अभ्यासांच्या २०१७ च्या एकत्रित आढाव्यात दिसून आले. म्हणजे रडणारे बाळ हा आईचा दोष नव्हे. फारच असह्य झाले तर बाळाला सुरक्षित जागी निजवून दोन मिनिटे बाहेर यावे, पण त्याला कधीही गदागदा हलवू नये. मात्र रडणे एकाएकी क्षीण झाले आणि बाळ अंगावर ओढेनासे झाले, तर सकाळची वाट न पाहता यावे. रात्री आमचे दार उघडे असते.

टिपणातील माझी शिफारस अशी होती की, सदर यंत्रणा तूर्त घेऊ नये आणि तीच रक्कम, देणगीदारांची अनुमती असल्यास, दोन कामांसाठी वापरावी. एक, आईजवळच्या खोल्यांसाठी रात्रपाळीत एक स्वतंत्र परिचारिका. दुसरे, जोखमीच्या प्रत्येक बाळाची तिसऱ्या महिन्यातील भेट, तिचे प्रवासभाडे, आणि त्या भेटीत बाळाच्या हालचालींचे चित्रण. ते चित्रण आमच्या डॉक्टर भगिनी आज स्वतःच्या डोळ्यांनी तपासतील व यंत्र सिद्ध झाल्यावर त्याच्याकडूनही तपासून घेतील.

ही शिफारस घेऊन मी त्या दांपत्याच्या घरी गेलो, तेव्हा मनात धाकधूक होती. देणगी परत गेली तर विश्वस्तांना काय सांगावे, हा विचार प्रशासकाच्या डोक्यात येतोच. आजोबांनी सर्व कागद सावकाश वाचले. थोडा वेळ ते काही बोलले नाहीत. मग आजींनीच विचारले, “यंत्रावर पाटी लागली असती. परिचारिकेच्या पगारावर ह्यांच्या आईच्या नावाची पाटी कशी लावणार?” प्रश्न रास्त होता. अशा देणगीसाठी वॉर्डाच्या प्रवेशद्वाराशी फलक लावण्यास विश्वस्त मंडळाने आता मान्यता दिली आहे, आणि ते दोघे आज येथे पहिल्या रांगेत बसलेले आहेत.

‘पालकांचे निरीक्षण’ हा रकाना नमुन्यात परत आला आहे. नमुना पुन्हा दोन पानी झाला. दर पाळीला आईला विचारावयाचे तीन प्रश्न त्यात छापले आहेत. पहिला आहे, “बाळ कालच्यासारखे रडते आहे का?” त्याचे कच्चे मुद्रित बाहेर टेबलावर ठेवले आहे. शब्द कचेरीतले झाले आहेत की घरातले, हे आपण सर्व आयांनी चहापानाच्या वेळी वाचून मला अवश्य सांगावे. छपाई सोमवारी आहे.